टेनाच्या चाली

ग्लेन डोरन, केप ब्रेटन
१४ मार्च १९९६

टेना,

आधी 'प्रिय' लिहिलं होतं. मग तो कागद शेगडीत टाकला आणि हा घेतला. बावीस वर्षांनी एकदम प्रिय म्हटलेलं तुला खपायचं नाही.

हेक्टर गेला. सहा फेब्रुवारीला, मंगळवारी सकाळी. शेगडीत लाकूड सारायला वाकला आणि तसाच खाली बसला. मला वाटलं काहीतरी शोधतोय. मी म्हटलं, "काय पडलं रे?" बस, एवढंच. तुझ्या भावाशी माझं शेवटचं बोलणं ते.

बॉस्टनकडच्या आपल्या मंडळींकडून तुला कळलं असेलच. मी फोन केला नाही. नंबर नव्हता असं सांगता आलं असतं, पण नंबर होता. कपाटाच्या दाराला आतून त्याने पेन्सिलने लिहून ठेवला होता. वर नाव नाही, नुसते आकडे. मी कधी विचारलं नाही आणि त्याने कधी सांगितलं नाही.

रीतीप्रमाणे दोन दिवस त्याला घरातच ठेवलं होतं. बर्फ एवढा की जमीन खणायला यंत्र आणावं लागलं, तरी माणसं आली. व्हायोलिन काखेत मारून आलेले एकोणीस फिडलवाले मोजले मी. पाळीपाळीने वाजवत होते. पियानोकडे शेजारच्या सायमनची सून निघाली होती, पण सायमनने तिला नुसतं डोळ्यांनी अडवलं. तुझ्या जागी कोणीच बसलं नाही.

आता कामाचं. आपल्या इथल्या सिडनीच्या कॉलेजातून जोॲन पोइरिए नावाची बाई येते. शेटिकँपकडची आहे, फ्रेंच, पण वागायला साधी. तिला हेक्टरच्या चालींचं पुस्तक करायचंय, सगळ्या स्वरांत लिहून. तो एवढं बांधून गेला आणि कागदावर त्यातलं एक अक्षर नाही, हे तुला मी काय सांगायचं? आहेत त्या घरच्या कॅसेटी. कोणती चाल कोणती, कधीची, नाव काय, हे मला विचारते. मला! रील आणि जिग या नाचाच्या चालींतला फरक मला लग्नानंतर चार वर्षांनी कळला म्हणून तू हसायचीस, आठवतं? तेव्हा तू मदत केलीस तर होईल. कॅसेटींच्या नकला पाठवते.

७४ सालच्या त्या रेकॉर्डवर तुझ्या पाच चाली त्याच्या नावावर छापल्या गेल्या, त्याचा विषय मी काढत नाही. तू काय बोललीस, तो काय बोलला, तुमचं तुम्हाला माहीत. बहीणभावांत मी कधी पडले नाही.

एफी


२२ एप्रिल १९९६

टेना,

उत्तर नाही. ठीक आहे. तरी लिहिते, कारण दिवसभर बोलायला कोणी नाही आणि रॉडी फोनवर एकच सांगतो, "आई, घर विकून अल्बर्टाला ये." त्याच्या तिथे चुलीऐवजी बटणं आहेत. मी काय करू तिथे?

जोॲन दर गुरुवारी येते. आम्ही स्वयंपाकघरात बसतो, ती कॅसेट लावते, कानाला हात लावून ऐकते आणि वहीत लिहीत जाते. पहिल्या दिवशी मी नुसती ओट्सची बिस्किटं पुढे करत होते. मग एका कॅसेटवर आपला प्रिन्स भुंकला. मी म्हटलं, "ही एकाहत्तरच्या आधीची. त्या वसंतात तो ट्रकखाली आला." जोॲनने पेन खाली ठेवलं. म्हणाली, "मॅक्लेलनबाई, अजून काय ऐकू येतं तुम्हाला?"

तेव्हापासून माझं हेच काम. चाल मला कळत नाही, पण आजूबाजूचं कळतं. उत्तरेची खिडकी खडखडते, म्हणजे रॉडीने ती बसवायच्या आधीचं. रॉडी खोकतोय, म्हणजे डांग्या खोकल्याचं वर्ष. शेगडीचं झाकण वाजतं त्यावरून थंडी की उन्हाळा ते सांगते. सत्तेचाळीस कॅसेटी झाल्या अशा. तेवढ्याच आहेत.

एक गोष्ट मात्र मला ठाऊक नव्हती. प्रत्येक कॅसेटवर मी आहे. एकच वाक्य. चाल संपता संपता, कधी मध्येच, "दूध घालू का?" इतकी वर्षं, बाई! जोॲनला हसू आवरेना. पुसून टाकता येईल म्हणाली. मी म्हटलं, पूस. मग म्हणाली, "नको, राहू दे. त्यावरूनच कळतं की घरात माणसं होती."

तुझा पियानोही आहे सगळीकडे. जोॲन एकदा थांबून म्हणाली, "ही बाई त्याच्या पुढे अर्धं पाऊल असते. तो कुठे वळणार ते तिला त्याच्या आधी कळतं." मी उठून केटल ठेवली.

एफी


१८ जून १९९६

टेना,

तुझं कार्ड मिळालं. एकच ओळ: "माझ्या कोणत्या ते तुला चांगलं माहीत आहे."

आठ दिवस ते घड्याळामागे ठेवलं होतं. मग गुरुवारी जोॲनने पुस्तकाची प्रस्तावना वाचून दाखवली. छान लिहिलीय. हेक्टरच्या एकशे बारा चाली, त्याचा पायाचा ठेका, त्याचं गज धरणं. शेवटाकडे एक वाक्य होतं, "त्यांची बहीण टेना कधीकधी पियानोवर साथ करीत असे."

कधीकधी.

जोॲनचा काय दोष? तिला मी जेवढं दिलं त्यावरून तिने लिहिलं. ती गेल्यावर मी अंगणात जाऊन उभी राहिले. बराच वेळ उभी होते. कपडे वाळत होते, ते काढायचं निमित्त होतं.

आता सांगते. हे मी फादरनाही कधी सांगितलेलं नाही.

रेकॉर्डच्या कंपनीने यादी मागितली होती. कोणती चाल, कोणाची. हेक्टर तिसरीतून शाळा सोडलेला, त्याची सगळी लिखापढी मी करायचे हे तुला माहीतच आहे. टेबलाशी बसून त्याने एकेक सांगितलं. "ही माझी, ही टेनाची, ही बाबांची, ही टेनाची." त्याने नीट सांगितलं, टेना. एकही विसरला नाही. तुझ्या पाचही ठिकाणी मी त्याचं नाव लिहिलं. तो खाली सही करून फिडल घ्यायला गेला. त्याला वाचता येत होतं की नाही हे मी तुला सांगत नाही. त्याने वाचलं नाही.

का, ते ऐक. त्याच्या चार दिवस आधी चर्चच्या हॉलमध्ये लग्न होतं. तुम्ही दोघं वाजवत होता आणि सगळा हॉल नाचत होता. मी मागे कप विसळत होते. बॉस्टनहून आलेला कोणीतरी पाहुणा आत आला, दारातून तुमच्याकडे बघत म्हणाला, "काय जोडी आहे नवराबायकोची!" आणि रिकामा कप माझ्या हातात दिला. मी कप घेतला. म्हटलं, "हो ना."

एवढंच कारण. ऐकायला किती बारीक वाटतं.

मग तू रेकॉर्ड घेऊन आलीस आणि टेबलावर आपटलीस. हेक्टरने पाकीट उलटं केलं, कोणाकडून तरी वाचून घ्यावं तसं तुझ्याकडे बघितलं. मग माझ्याकडे. मी बशी पुसत होते. त्याला कळलं. त्याच क्षणी कळलं, मी बघितलं ते. आणि तो तुला म्हणाला, "मीच तसं लिहायला सांगितलं."

तू म्हणालीस, "चोर आहेस तू, हेक्टर. स्वतःच्या बहिणीच्या ताटातलं खाणारा चोर." तो उभा राहून ऐकत होता. तू गेलीस. सप्टेंबरात बॉस्टनजवळ वॉल्थमला गेलीस.

आमच्यात या विषयावर एक शब्द झाला नाही. भांडला असता तर बरं झालं असतं. पण त्यानंतर टेपरेकॉर्डरचं बटण मी दाबलं की वाजवण्याआधी तो तोंडाने सांगू लागला. "ही बाबांची. ही माझी. ही टेनाची." दरवेळी. लिहिणारीवर विश्वास उरला नव्हता ना, म्हणून. बटण दाबणारी मी, आणि ऐकणारीही मीच.

सत्तेचाळीसच कॅसेटी आहेत असं मागे लिहिलं, ते खोटं. आणखी चौदा आहेत. या बोलक्या. पिठाच्या पिंपामागे ठेवल्या होत्या.

सही करते. कशाखाली करते ते माहीत आहे.

एफी


५ ऑगस्ट १९९६

टेना,

चौदा कॅसेटींच्या नकला वेगळ्या डब्यातून पाठवल्यात. त्यांत हेक्टरने "टेनाची" म्हणून सांगितलेल्या चोवीस चाली आहेत. जोॲनने यादी केलीय. तू ऐकून खूण कर आणि परत पाठव. पुस्तक ऑक्टोबरात निघायचंय.

जोॲनला मी सगळं सांगितलं. कॅसेटी टेबलावर ओळीने मांडल्या आणि सांगितलं. तिने एकेक कॅसेट उचलून बघितली. मग म्हणाली, "तुम्ही हे मला सांगितलं नसतं तर कोणालाही कळलं नसतं." मी म्हटलं, "म्हणूनच बावीस वर्षं निभावलं." तिने मुखपृष्ठ बदलायला घेतलं. आता दोन नावं येतील.

गावात पसरायला वेळ लागला नाही. सायमन स्वतः आला. बूट न काढता आत येणारा माणूस नव्हे तो, पण आला.

"एफी, काय ऐकतोय मी? माणूस जाऊन सहा महिने नाही झाले आणि तू त्याच्या चाली वाटायला निघालीस?"

"ज्याच्या आहेत त्याला देतेय, सायमन."

"तिला? बावीस वर्षं इकडे फिरकली नाही. भाऊ गेला तरी आली नाही."

"मी कळवलं नव्हतं."

"का नव्हतं कळवलं?"

मग त्यालाही सांगितलं. यादीचं. तो ऐकत होता आणि त्याचा चेहरा लाल होत गेला. शेवटी टोपी डोक्यावर ठेवून म्हणाला, "म्हणजे इतकी वर्षं आम्ही त्याला नावं ठेवली. पाठीमागे. बहिणीचं लाटलं म्हणून. आणि तू आम्हाला बिस्किटं वाढत होतीस." आणि गेला. त्यानंतर त्याची बायको को-ऑपच्या दुकानात भेटली तर दुसऱ्या ओळीत वळली. लाकूड दरवर्षी सायमन टाकतो, या वर्षी मी मॅबूहून मागवलं.

रॉडी म्हणाला, "आई, मेल्या माणसाचं नाव कशाला कमी करतेस?" मी म्हटलं, त्याचं कमी होत नाहीये रे. आता रविवारचा फोन दोन आठवड्यांनी येतो.

तक्रार नाही. तुला फक्त हकीकत सांगतेय.

एफी


२६ सप्टेंबर १९९६

टेना,

तुझी यादी आज आली. पोस्टातल्या मुलीने पाकीट दिलं तेव्हा तिच्यासमोर उघडलं नाही. गाडीत बसून उघडलं.

सतरा चालींपुढे तू बरोबरची खूण केलीयस. एकीपुढे "पहिला भाग माझा, दुसरा त्याचा" असं आहे. उरलेल्या सहांवर काट मारलीस आणि खाली लिहिलंस:

"या सहा माझ्या नाहीत. मी कधी ऐकलेल्याही नाहीत. मी गेल्यानंतर त्याने बांधल्यात. त्याच्याच आहेत. या वेळी नीट लिही."

मला आधी कळेना. वाटलं, तू रागाने नाकारतेयस. घरी येऊन त्या सहा चाली पुन्हा लावल्या. एकीवर तू गेल्यानंतर घेतलेल्या शेगडीचं झाकण वाजतं. एकीवर रॉडीच्या लग्नाच्या आदल्या दिवशीची गडबड आहे, ८३ सालची. तू तेव्हा इथे नव्हतीसच. आणि तो सांगतो, "ही टेनाची." अगदी सरळ आवाजात.

माझ्या हातून गेलेल्या पाचांच्या बदल्यात त्याने तुला सहा दिल्या. बांधायचा आणि तुझ्या नावाने ठेवून द्यायचा. कोणाला सांगितलं नाही. मी बटण दाबत होते, मला वाटायचं हे तो मला ऐकवायला बोलतोय, माझ्या जखमेवर बोट ठेवायला. बावीस वर्षं मी तसं समजून चालले. टेना, तो माझ्याशी बोलतच नव्हता. तो तुझ्याशी बोलत होता.

तेवढ्या खोलीत मीच काय ती दुसरी होते, आणि मी तिथे नव्हते.

आज दिवसभर चूल पेटवली नाही. संध्याकाळी जोॲनला फोन करून तुझी दुरुस्ती सांगितली. एकेक चाल, एकेक नाव. तिने परत वाचून दाखवलं, मी परत ऐकलं. मग तिला म्हटलं, पुन्हा एकदा वाच. तिने वाचलं. नीट लिहिलंय, टेना.

त्या सहांना नावं नाहीत. जोॲन विचारतेय काय द्यायचं. मी म्हटलं, मला विचारू नकोस.

एफी


१५ ऑक्टोबर १९९६

टेना,

शनिवारी चर्चच्या हॉलमध्ये पुस्तक निघालं. एक प्रत या पत्राबरोबर आहे. मुखपृष्ठावर दोघांची नावं सारख्याच अक्षरांत आहेत, मी पट्टी लावून बघितलं.

तू येशील असं मला वाटलं नव्हतं. तरी दारातून कोणी आलं की बघत होते. दोनशे खुर्च्या मांडल्या होत्या, कमी पडल्या. मला पहिल्या रांगेत बसवलं आणि माझ्या दोन्ही बाजूंच्या खुर्च्या शेवटपर्यंत रिकाम्या राहिल्या. कोणी ठरवून केलं असं नाही. कोणी बसलं नाही इतकंच.

सायमनने वाजवलं. पियानोवर त्याची सून बसली, या वेळी त्याने अडवलं नाही. प्रत्येक चालीआधी जोॲन नाव सांगायची, ही हेक्टरची, ही टेनाची. तुझ्या पहिल्या चालीला कोणी टाळ्या वाजवल्या नाहीत. मग मागून म्हातारी केट ओरडली, "अरे, मला तेव्हाच माहीत होतं! ती चाल बांधली तेव्हा मी तिच्याबरोबर बटाटे काढत होते!" सगळे हसले आणि मग टाळ्या सुरू झाल्या त्या थांबेनात. तुझ्यासाठी होत्या. तुला सांगायला हव्या होत्या म्हणून लिहितेय.

त्या सहांना जोॲनने नुसते आकडे दिले आणि वर लिहिलं, "हेक्टरने टेनासाठी बांधलेल्या." चौथ्या क्रमांकाची सायमन वाजवायला लागला आणि मध्येच थांबला. गज खाली घेऊन तो उभाच राहिला. मग पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली. चाल कशी होती ते मला विचारू नकोस. मला नेहमीसारखीच वाटली. पण रांगेच्या टोकाला बसलेल्या माणसाचे खांदे हलत होते.

कार्यक्रम संपल्यावर मी कप विसळायला मागे गेले. बायका म्हणाल्या, "राहू दे एफी, आम्ही करतो." प्रेमाने म्हणाल्या की कसं, कळलं नाही. मी कोट घेतला आणि घरी आले.

एफी


११ मे १९९७

टेना,

तुझं पत्र पोचलं. जूनच्या सात तारखेला येतेयस, कबरीवर जायचंय, माझ्या घरी यायचं नाही, मॅबूच्या लॉजवर उतरशील. बरोबर आहे. मी वाईट मानून घेतलेलं नाही.

कबर सापडायला अवघड नाही. चर्चच्या उजव्या फाटकातून आत जा, तुझ्या आईबाबांच्या पलीकडे. दगड अजून बसवलेला नाही, लाकडी क्रूस आहे. वाट चिखलाची आहे, रबरी बूट आण.

त्या दिवशी मी इथे नसेन. सकाळी नऊलाच इन्व्हरनेसला माझ्या मावसबहिणीकडे जातेय, संध्याकाळी पाचपर्यंत तिथेच असेन. घराला कुलूप लावणार नाही. कॅसेटी पुढच्या खोलीत मांडून ठेवल्यात, एकसष्ट, क्रमाने, अस्सल. रेकॉर्डर शेजारी आहे, बटण जरा जोरात दाबावं लागतं. त्या सहांसाठी कागदाच्या खुणा घातल्यात. तुला न्याव्याशा वाटल्या तर ने, विचारू नकोस. जोॲनकडे नकला आहेत.

यायचंच असं नाही. कबरीवरून तशीच परत गेलीस तरी चालेल.

फक्त एक सांगून ठेवते. पाच वाजता मी परत येईन. तू अजून ऐकत असलीस, तर मी आत येणार नाही. बाहेर पायरीवर बसेन.

एफी